थॅडी ग्रोगनचा एक टप्पा झेल

थॅडी ग्रोगनला कुणी रस्ता विचारला की तो हात पुढे करून दाखवायचा, आणि विचारणारा होता त्याहून जास्त गोंधळायचा. कारण त्या हाताचं प्रत्येक बोट वेगळ्याच गावाला निघालेलं. तर्जनी कालव्याकडे, मधलं बोट स्टेशनाकडे, आणि करंगळी तर उलटी वळून त्याच्याच खांद्याकडे.

"अरे, यातल्या कुठल्या बोटाचं ऐकू मी?"

"अंगठ्याचं ऐक," थॅडी म्हणायचा. "तो अजून शहाणा आहे."

बोटांची ही दशा बेसबॉलने केली होती. थॅडी मागचा गडी. फलंदाजाच्या पाठीमागे उभं राहायचं आणि गोलंदाजाने जीव खाऊन फेकलेला चेंडू झेलायचा, हा त्याचा धंदा. झेलायचा कशात? हातात. तोंडावर तारेचा पिंजरा असायचा, तेवढी सूट होती. हात मात्र आईच्या पोटातून आले तसे. काही मागचे गडी पातळ कातड्याचे मोजे घालत, बोटं कापलेले आणि मुद्दाम अंगाच्या रंगाचे, म्हणजे लांबून कुणाला कळू नये. कळायचंच. थॅडीने ते पहिल्यांदा घातले तेव्हा कुंपणावर बसलेला एक नावाडी ओरडला, "काय गं बाई, हातमोजे घालून चर्चला निघालीस का?" सगळं मैदान हसलं. थॅडीही हसला, पण मोजे काही काढले नाहीत. उलट पुढच्या सामन्याला डाव्या मोज्यात कच्च्या मांसाचा एक जाड तुकडा घालून आला. तेवढाच मऊपणा. सामना संपेपर्यंत त्या तुकड्याची अशी अवस्था झाली की खाणावळीच्या कुत्र्याने तो एकदा हुंगला आणि अपमान झाल्यासारखा निघून गेला.

थॅडीचं मूळ गाव हडसन नदीकाठचं, वीटभट्ट्यांचं. बाप आयर्लंडहून बोटीतून उतरला तो थेट भट्टीवर चढला, आणि पोरगा हाताशी आला तसा त्यालाही बरोबर नेलं. गाडीवरचा माणूस विटा फेकणार, खालच्याने त्या झेलून रचायच्या. दोन-दोन विटा एकदम यायच्या, आणि चुकली तर पायावर. एका उन्हाळ्यात शेजारच्या गावच्या क्लबाचा मागचा गडी दाढदुखीने आडवा झाला. सामना तोंडावर. त्यांचा कप्तान भट्टीवर येऊन विचारू लागला, "इथे कुणाला झेल घेता येतो का?"

मुकादमाने थॅडीकडे मान वळवली. "हा विटा झेलतो. चालेल?"

"वीट सरळ येते. आमचा चेंडू वळतो," कप्तान म्हणाला.

"पण मऊ असतो की हो तुमचा चेंडू," थॅडी म्हणाला.

झालं. त्या दिवसानंतर थॅडी भट्टीवर गेला नाही. बापाला कळलं की खेळायचे पैसे मिळतात, तेव्हा तो बराच वेळ पाइप ओढत बसला. मग म्हणाला, "जगात इतके मूर्ख लोक असतील असं वाटलं नव्हतं. जा पोरा. ते शहाणे व्हायच्या आत मिळेल ते घेऊन ये."

पण ते लोक लवकर शहाणे व्हायचे हीच अडचण होती. क्लब वसंतात वाजतगाजत जन्माला यायचे आणि टोमॅटो पिकायच्या आत मरायचे. मग थॅडीने पेटी उचलायची आणि पुढचं गाव गाठायचं. विंचवाचं बिऱ्हाड पाठीवर. एका गावात मैदान इतकं उतरतं होतं की डावीकडचा गडी घोटाभर पाण्यात उभा राहायचा, आणि तो माणूस हुशार, तिथेच गळ टाकून ठेवायचा. एकदा चेंडू त्याच्याकडे गेला तेव्हा नेमका मासा लागलेला. त्याने मासा ओढला. संघ हरला, पण रात्रीचं जेवण उत्तम झालं. दुसऱ्या एका गावात क्लबाला बँडही हवा होता आणि संघही, आणि पैसे दोन्हींपैकी एकाचेच. म्हणून जो वाजवील त्यालाच खेळायला घ्यायचं असा नियम. थॅडीला मोठा ढोल दिला. तो ढोल बडवत गावभर मिरवायचा, मैदानावर आला की ढोल उतरवून पिंजरा चढवायचा. आणखी एका क्लबाने नवे निळे पोशाख शिवले, त्यांचा रंग घामाने असा उतरला की सगळा संघ आठवडाभर निळ्या पायांनी हिंडत होता. आणि एका गावात खजिनदार आणि खजिना एकाच सकाळच्या गाडीने गेले. थॅडी तेव्हा स्टेशनावरच होता. त्यानेच खजिनदाराची पेटी डब्यात चढवून दिली होती. "जड होती," एवढंच तो नंतर म्हणाला.

बायको मात्र त्याला या भटकंतीतच मिळाली. ट्रॉय हे कॉलरींचं गाव. अर्ध्या देशाच्या गळ्यातल्या, शर्टापासून सुट्या होणाऱ्या कॉलरी तिथे धुतल्या जात. तिथे नोरा इस्त्री करायची. थॅडी आपले शर्ट घेऊन गेला, तर तिने ते दोन बोटांत धरून उजेडात पाहिले.

"खाटीक आहेस का?"

"नाही. बेसबॉल खेळतो."

"म्हणजे हे रक्त तुझंच?"

"सगळं माझंच."

"मग खाटीक बरा. तो निदान दुसऱ्याचं सांडतो."

थॅडीला हे इतकं आवडलं की तो न मळलेले शर्टसुद्धा धुवायला नेऊ लागला. लग्न झालं. मग पेटीबरोबर दोन लोखंडी इस्त्र्याही गावोगाव फिरू लागल्या. जिथे थॅडी झेलणार तिथे नोरा इस्त्री करणार. आणि खरं सांगायचं तर पुष्कळ गावांत घर चाललं ते इस्त्रीवरच.

असं करत करत दोघं कालव्याकाठच्या पोर्ट एमरीत आले. हे गाव वेगळं निघालं. इथला क्लब ओबडाया क्रमचा. क्रमची शेगड्या ओतण्याची मोठी ओतशाळा होती, त्यामुळे क्लब ऑगस्टात मरत नव्हता. शिवाय क्रमला हरण्याची चोरी होती. पलीकडच्या विल्टन मिल्स गावचा क्लब सायलस वेबचा, आणि सायलस वेब हा क्रमच्या बायकोचा सख्खा भाऊ. जो सामना जिंकेल त्याने सामन्याचा चेंडू घरी न्यायचा, त्याला सोनेरी रंग द्यायचा आणि वर आकडे लिहायचे, ही जुनी रीत. वेब तो चेंडू खिशात घालून बहिणीकडे जेवायला यायचा आणि मिठाच्या भांड्याशेजारी ठेवायचा. काही बोलायचा नाही. फक्त म्हणायचा, "ओबडाया, जरा मीठ दे."

इकडे नोराने लॉक गल्लीत अर्धं घर भाड्याने घेतलं आणि दारावर पाटी लावली: "नोरा ग्रोगन. शर्ट आणि कॉलरी." कालव्यातल्या नावांचे कप्तान आले, हॉटेलचा मालक आला, शेवटी खुद्द क्रमच्या कॉलरीही आल्या. तिसऱ्या उन्हाळ्यापर्यंत हाताखाली एक बाई ठेवावी इतकं काम झालं.

आणि त्याच उन्हाळ्याच्या अखेरीला क्रमने थॅडीला ओतशाळेच्या कचेरीत बोलावलं.

"ग्रोगन, तुझं वय काय?"

"क्लबाला सांगितलेलं, की खरं?"

"खरं."

"चौतीस."

"आणि हातांचं?"

"हात सत्तरीचे आहेत, मिस्टर क्रम."

क्रम हसला नाही. "बफेलोचा एक पोरगा आहे. मागचा गडी. बैलासारखा. पण मी तुला एकदम काढत नाही. शनिवारी विल्टनशी शेवटचा सामना आहे. जिंकलो तर पुढच्या वर्षी तूच, आणि हिवाळाभर ओतशाळेत काम. हरलो तर... मला फार वाईट वाटेल."

"मलाही," थॅडी म्हणाला.

घरी येऊन त्याने हे सांगितलं तेव्हा नोरा कॉलरी दाबत होती. तिने मान वर केली नाही.

"हरलास तर पुढचं गाव कुठलं?"

"पेनसिल्व्हेनियात एक क्लब निघतोय म्हणतात. कोळशाच्या खाणींजवळ."

"कोळशाजवळ पांढऱ्या कॉलरी," नोरा म्हणाली. मग इस्त्री बाजूला ठेवून, "मी येणार नाही, थॅडी. रागाने नाही म्हणत. हे टेबल, ही गिऱ्हाईकं मी उभी केली. पुन्हा शून्यापासून नाही जमायचं मला. तू खेळ कुठेही. हिवाळ्यात ये. मी इथेच असेन."

"हिवाळ्यात ये म्हणजे? मी काय बदक आहे?"

"बदकं हिवाळ्यात जातात. तुला यायचंय."

थॅडी हसला. पण त्या संध्याकाळी त्याने ताटातला बटाटा अर्धा ठेवला, आणि थॅडीने बटाटा ठेवणं म्हणजे काय ते नोराला बरोबर कळत होतं.

आता इथे एक नियम सांगायला हवा, कारण सगळं रामायण त्याचंच. पहिल्यापासून खेळ असा होता की फलंदाजाच्या बॅटला निसटता लागून चेंडू रेषेबाहेर उडाला, आणि तो एक टप्पा पडून जरी कुणी झेलला, तरी फलंदाज बाद. एक टप्पा झेल! थॅडीची सगळी कला त्यात. कुठला चेंडू गवतावर पडून कुठे वळेल हे त्याला असं कळायचं की पडायच्या आधीच तो तिथे जाऊन उभा. शिवाय टप्पा पडला की चेंडूचा निम्मा राग जमिनीत जातो. उरलेला निम्मा हाताला सोसतो. त्या वर्षी मात्र क्लबांच्या लीगवाल्यांनी हिवाळ्यात बसून ठरवलं, की एक टप्पा झेल बंद. झेल सरळ आभाळातूनच घ्यायचा. थॅडी एप्रिलभर शिव्या देत होता. मग शिकला. बोटांना आणखी दोन-तीन वळणं पडली, पण शिकला. ऑगस्टापर्यंत नवा नियम त्याला प्रार्थनेसारखा पाठ होता.

पण सामन्याच्या दोनच दिवस आधी गावच्या आग विझवणाऱ्यांची सहल निघाली, आणि सहलीत बेसबॉल. आगवाले लीगबिग मानत नव्हते. "आमच्या बापाने एक टप्पा खेळला, आम्हीही एक टप्पाच खेळणार." थॅडीला त्यांनी ओढून मैदानात नेलं. आणि काय सांगावं! कोंडलेलं वासरू सुटावं तसा तो सुटला. एक टप्पा, एक टप्पा, एक टप्पा. प्रत्येक झेलाला आगवाले आपली घंटा वाजवायचे. थॅडी त्या दिवशी कपाळाला खोबरेल लावल्यासारखा चमकत घरी आला. वर्षभर कष्टाने मोडलेली सवय एका दुपारीत पुन्हा जागेवर येऊन बसली, हे कुणाच्याच ध्यानात आलं नाही. त्याच्या तर नाहीच.

शनिवारी सगळा कालवा थांबला होता. नावा दोन्ही काठांना बांधलेल्या, त्या ओढणारी खेचरं सावलीत. मैदानाच्या मागच्या बाजूला, घरच्या गादीपासून, म्हणजे फलंदाज उभा राहतो तिथून, बरंच मागे, बड्या लोकांच्या घोडागाड्या ओळीने उभ्या. एका गाडीत क्रम, शेजारी त्याची बायको. तिच्या पलीकडच्या गाडीत तिचा भाऊ सायलस वेब. ती बिचारी मधे बसून दोघांना खारे दाणे देत होती.

पंच लेव्ही ट्रास्क. तिसऱ्याच गावचा दंतवैद्य, म्हणून दोन्ही बाजूंना चालणारा. म्हणजे दोन्ही बाजूंनी शिव्या खाणारा.

सामना असा झाला की शेवटच्या डावाला पोर्ट एमरी एका धावेने पुढे. विल्टनचे दोघे बाद, आणि तिसरा बाद झाला की डाव संपला. पण त्यांचा एक गडी दुसऱ्या गादीवर, एक तिसऱ्या गादीवर, म्हणजे दोघेही धाव पुरी करायच्या वाटेवर, आणि बॅट घेऊन उभा व्हॅन अल्स्टाइन, जो नुसता उभा राहिला तरी कुंपणावरची पोरं मागे सरकायची. एक गडी बाद केला की सामना आपला. थॅडी पिंजऱ्याआडून गोलंदाजाकडे बघत होता आणि हात असे ठणकत होते की त्यांना स्वतंत्र हृदय असावं.

चेंडू आला. व्हॅन अल्स्टाइनने बॅट फिरवली. निसटता लागला, आणि चेंडू उंच उडून मागे, घोडागाड्यांकडे.

थॅडीने पिंजरा भिरकावला आणि धावला. चेंडू क्रमच्या करड्या घोड्याच्या पलीकडे उतरत होता. झेपावला असता तर सरळ झेलला असता. पाहणारे नंतर तसंच म्हणत. पण थॅडी झेपावला नाही. तो दोन गाड्यांच्या मधल्या गवतात शिरला आणि शांतपणे थांबला. चेंडू पडला, डावीकडे वळला, आणि संध्याकाळी घरी येणाऱ्या मांजरासारखा अलगद त्याच्या पोटाशी आला. थॅडीने दोन्ही हातांनी धरला आणि वर करून दाखवला.

काय तो गलका! टोप्या आभाळात. नावांचे भोंगे. घोड्यांमुळे मैदानातून कुणालाच टप्पा दिसला नव्हता. क्रम गाडीतच उभा राहून ओरडत होता, "सरळ झेल! सरळ झेल!" त्याने बघितलं होतं की नाही देव जाणे. विल्टनवाले उलट ओरडत होते, "टप्पा! टप्पा!" त्यांनी तर नक्कीच बघितलं नव्हतं. ट्रास्क धापा टाकत आला. भोवती गर्दी. कुणी म्हणे बाद, कुणी म्हणे नाबाद, एक नावाडी म्हणे पंचालाच कालव्यात टाका.

पंचाला दिसलं नाही तर त्याने खेळाडूलाच विचारावं, ही आणखी एक जुनी रीत. हल्ली कुणी पाळत नव्हतं, कारण हल्ली कुणी खरं सांगत नव्हतं. पण ट्रास्कला दुसरा उपाय उरला नाही.

"ग्रोगन," तो म्हणाला, "मला त्या घोड्याच्या पार्श्वभागाशिवाय काही दिसलं नाही. तूच सांग. कसा झेललास?"

थॅडीने छाती पुढे काढली. चांगल्या सुताराला कुणी सांध्याबद्दल विचारावं तसा त्याचा चेहरा उजळला.

"एका टप्प्यात, साहेब! स्वच्छ! गवताचं पातंसुद्धा हललं नाही."

ट्रास्क त्याच्याकडे बघतच राहिला.

"काय म्हणालास?"

"एक टप्पा! खोटं वाटत असेल तर या बाईंना विचारा," आणि त्याने मिसेस क्रमकडे हात केला. तिने घाबरून होकाराची मान हलवली.

मग थॅडीला क्रमचा चेहरा दिसला. क्रमचा चेहरा ओतशाळेत पहिली भट्टी पेटते तसा होत चालला होता. थॅडीने आपल्या गोलंदाजाकडे पाहिलं, तो डोकं धरून खाली बसला होता. आणि तेव्हा कुठे, फार उशिरा, थॅडीला एप्रिल महिना आठवला.

"नाबाद," ट्रास्क हळूच म्हणाला. "चेंडू गोलंदाजाकडे द्या."

पुढच्याच चेंडूला व्हॅन अल्स्टाइनने असा फटका मारला की तो चेंडू शोधायला चौघेजण कोबीच्या शेतात गेले. दोन धावा. सामना विल्टनचा. चेंडू वेबच्या खिशात.

क्रम थॅडीजवळ आला. मग टोपी काढून म्हणाला, "ग्रोगन, मी तुझा आदर करतो. आयुष्यात इतका प्रामाणिक माणूस पाहिला नाही. उद्या बफेलोला तार करतोय."

घरी नोराने त्याचे हात गरम पाण्यात धरले. एकदम म्हणाली, "विसरलास ना?"

"विसरलो."

"मला कुंपणाजवळूनच कळलं. खरं बोलताना तुझा असा चेहरा होत नाही. तो चेहरा पाव घेऊन ये सांगितल्यावर साबण आणतोस तेव्हाचा होता."

पण गावाला कोण सांगणार? ट्रास्क दंतवैद्य. येईल त्या रोग्याला तो ही गोष्ट सांगू लागला, आणि तोंड उघडं ठेवून बसलेला माणूस मधे शंका काढू शकत नाही. आठवड्याभरात कालव्याच्या दोन्ही टोकांना कळलं की पोर्ट एमरीत एक माणूस आहे, ज्याने जिंकलेला सामना सत्यापायी सोडला. थॅडी न्हाव्याच्या दुकानात म्हणाला, "अहो, मी नियम विसरलो होतो!" तर सगळे एकमेकांकडे बघून म्हणाले, "बघा, वर मोठेपणाही नको त्याला." रविवारी फादर क्विलिननने प्रवचनात त्याचं नाव न घेता त्याच्याकडे बघत बघत सत्यावर बोलून घेतलं. थॅडी बाकावर असा वळवळत होता की शेजारच्या म्हातारीला वाटलं पिसवा झाल्या. शेवटी तो पापनिवेदनाला गेला आणि जाळीआडून म्हणाला, "फादर, मी प्रामाणिक नाही. मला नवा नियम आठवला असता तर मी काय बोललो असतो ते माझं मलाच ठाऊक नाही."

जाळीपलीकडून फादर गहिवरून म्हणाले, "बाळ, नम्रतासुद्धा आहे तुझ्यात."

थॅडीने नाद सोडला. पेनसिल्व्हेनियाच्या क्लबाला होकार कळवायचा दिवस जवळ येत होता. पेटी पलंगाखालून बाहेर काढून ठेवली होती, आणि दोघंही तिला वळसा घालून चालत होते.

अशा एका सकाळी नोराच्या दुकानासमोर घोडागाडी थांबली आणि सायलस वेब आत आला. नोराला वाटलं शर्ट आणलेत.

"मिस्टर ग्रोगन," वेब म्हणाला, "लीगला एक पंच हवाय. कायमचा, पगारी. आतापर्यंत बहुतेक वेळा ज्या गावात सामना त्याच गावचा पंच, आणि पाहुण्यांची लूट. आम्ही सगळे मालक बसलो, आणि आयुष्यात पहिल्यांदा सगळ्यांनी एकच नाव घेतलं."

"साहेब, माझं ऐका," थॅडी म्हणाला. "मी त्या दिवशी विस..."

नोराने कपड्यावर शिंपडायचं पाणी थेट त्याच्या तोंडावर शिंपडलं. "माफ करा हं," ती वेबला म्हणाली. "हात घसरला."

"...विसरलो होतो," थॅडीने तोंड पुसत वाक्य पुरं केलं. आता मात्र त्याला राहवेना. "एक टप्पा बंद झालाय हेच विसरलो होतो, साहेब. एवढीच गोष्ट आहे. सांगून टाकलेलं बरं."

वेब खो खो हसला. "पाहा! कुठला लबाड माणूस पगाराची नोकरी समोर असताना असं बोलेल? म्हणूनच तर तुम्ही हवेत. आणि पंच माझ्या गावात राहील. विल्टनला घर देतो, हिवाळ्यात गिरणीच्या गोदामात काम. भाडं नाही."

इस्त्री थांबली.

थॅडीने नोराकडे पाहिलं. ती टेबलाकडे बघत होती. विल्टन काही कोळशाच्या खाणींइतकं दूर नव्हतं. छप्पर फुकट. पगार. वर्षभर. आयुष्यभर तो ज्याच्या मागे धावला ते आपणहून दारात येऊन उभं होतं. खोलीत जळका वास सुटला आणि नोराला कळलंच नाही.

"पंच होईन," थॅडी सावकाश म्हणाला. "पण विल्टनला येणार नाही, साहेब. इतकी वर्षं ही माझ्या मागे आली. तिची गिऱ्हाईकं या गावात आहेत. मीही याच गावात. हिवाळ्यात काय करायचं ते बघू. खड्डे खणीन, बर्फ उपशीन."

"माझ्या माणसाला गोदामात बसवतोस?" दारातून आवाज आला. मेव्हण्याची गाडी दिसली म्हणून ओबडाया क्रम रस्ता ओलांडून आला होता, आणि पळत आल्यामुळे लाल झाला होता.

"तुझा माणूस?" वेब म्हणाला. "तू तर काढलास त्याला."

"खेळातून काढला! गावातून नाही! उद्या तू त्याला हिवाळाभर पोसशील आणि उन्हाळ्यात तो तुझ्या बाजूने बोट वर करील."

"हाच का तो तुझा प्रामाणिक माणूस?"

"प्रामाणिक आहे म्हणूनच सांगतो. अन्नाला जागेल तो!" क्रमने टेबलावर मूठ आपटली. "ग्रोगन, हिवाळ्यात ओतशाळा. ठरलं."

"मग तो तुझ्या बाजूने बोट वर करील," वेब म्हणाला.

क्रमने थॅडीच्या हाताकडे पाहिलं आणि त्या दिवसांत पहिल्यांदा हसला. "सायलस, त्याचं बोट कुणाच्या बाजूने वर होतंय हे तुला, मला किंवा परमेश्वराला कळणं शक्य नाही."

तेवढ्यात नोरा किंचाळली. इस्त्रीखाली कॉलर काळी पडली होती.

"कुणाची आहे ती?" क्रमने विचारलं.

नोराने उलटून पाहिली. "तुमचीच."

दोघे मेव्हणे भांडत भांडत निघून गेले, तशी थॅडी स्टुलावर बसला. "नोरा, माझ्या गळ्यात हे प्रामाणिकपणाचं लोढणं चुकून पडलंय. आता जन्मभर ते वागवायचं?"

"मग खरा हो," ती म्हणाली. "नाहीतरी आता नोकरीच ती आहे."

आणि तो झाला. अवघड गेलं, पण झाला. दिसलं नाही तर "दिसलं नाही" म्हणायचा, चुकला तर मैदानाच्या मधोमध उभा राहून "चुकलो" म्हणायचा, आणि कालव्याकाठच्या प्रत्येक गावाने त्याला निदान एकदा तरी बटाटे फेकून मारले. त्याने ते झेलले. बरेचसे सरळ.

पुढच्या वर्षी मेची पहिली तारीख आली. त्या दिवशी भाड्याच्या घरांचे करार संपतात आणि अर्धं गाव एका घरातून दुसऱ्यात जातं. सकाळपासून गाद्या, खुराडी, शेगड्या आणि रडणारी पोरं लादलेल्या गाड्या रस्त्यातून जात राहतात. नोरा पायरीवर खुर्ची टाकून चहा घेऊन बसली होती. गाडी आली की तिची सूचना तयार.

"अहो, आरसा उताणा नका ठेवू, तडकेल! उभा ठेवा, गादीत गुंडाळून!"

"शेगडीचे पाय काढा आधी, शेगडीचे पाय!"

समोरची ओ'डाउड बाई गाडीवर चढता चढता म्हणाली, "ग्रोगन बाई, तुम्ही नाही निघालात यंदा?"

"आम्ही? नाही बाई. आम्ही इथलेच."

थॅडी दारात आला. विल्टनच्या सामन्याला जायची वेळ होत होती. "नोरा, चहा गार झाला."

"होऊ दे," ती म्हणाली. "शेवटची गाडी जाईपर्यंत मी इथून उठत नाही."